फ्रीस्टाइल लिब्रे सेन्सर : ऊतीद्रवातली साखर मोजणाऱ्या उपकरणाचे परीक्षण

अ‍ॅबट कंपनीचा फ्रीस्टाइल लिब्रे हा दंडावर चिकटवायचा सेन्सर रक्तातली साखर मोजत नाही. औषधांच्या दुकानात मात्र मागणारा आणि देणारा दोघेही त्याला 'शुगरचं मशीन' म्हणतात, आणि आमच्या दुकानदारानेही 'बोट न टोचता रक्तातली साखर कळते' एवढेच सांगून खोके हातात ठेवले होते. खोक्यातल्या माहितीपत्रकात वेगळा शब्द छापलेला आहे : इंटरस्टिशियल फ्लुइड. पेशी आणि पेशी यांच्यामधल्या सूक्ष्म फटींत असणारा हा द्रव. मराठीत त्याला ऊतीद्रव म्हणू. सेन्सर मोजतो ती या द्रवातली साखर. सांगलीत कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवत असल्यामुळे हा शब्द माझ्या रोजच्या वापरातला आहे, आणि आईसाठी हे उपकरण वापरू लागल्यापासून माझे मत दिवसेंदिवस पक्के होत गेले आहे, की ते एखाद्या घराला आधार देईल की घाबरवून सोडेल, हे या एका शब्दाच्या समजेवर ठरते. म्हणून या परीक्षणात उपकरणाइतकीच जागा मी त्या द्रवालाही देणार आहे.

आधी उपकरण. सेन्सर म्हणजे ३५ मिलिमीटर व्यासाची आणि ५ मिलिमीटर जाडीची पांढरी चकती. तिच्या तळातून एक लवचिक तंतू निघतो. त्याची रुंदी ०.४ मिलिमीटरपेक्षा कमी असते आणि तो त्वचेखाली सुमारे ५ मिलिमीटर जातो. दंडाच्या मागच्या बाजूची त्वचा स्वच्छ पुसून, पूर्ण कोरडी होऊ देऊन, त्यावर अ‍ॅप्लिकेटर दाबला की आतली सुई तंतूला जागेवर सोडते आणि त्याच क्षणी मागे येते. शरीरात राहतो तो फक्त तंतू. आईला बसवताना तिने डोळे घट्ट मिटून घेतले होते आणि 'झालं का गं?' असे विचारले तेव्हा चकती बसून झालेली होती. बसवल्यापासून ६० मिनिटांनी आकडे मिळू लागतात, १४ दिवस मिळत राहतात आणि त्यानंतर सेन्सर आपोआप बंद होतो. आम्ही वापरतो ती मूळची, स्कॅन करायची आवृत्ती आहे : एनएफसीची सोय असलेला मोबाइल किंवा कंपनीचा रीडर चकतीजवळ नेला की त्या क्षणाचा आकडा, साखर चढते आहे की उतरते आहे हे सांगणारा बाण आणि मागच्या ८ तासांचा आलेख समोर येतो. सेन्सरची स्मृती ८ तासांचीच असल्यामुळे त्याहून मोठ्या अंतराने स्कॅन केले तर मधला आलेख तुटतो. पुढच्या आवृत्तीत, म्हणजे लिब्रे २ मध्ये, साखर मर्यादेबाहेर गेली तर गजर होण्याची सोय आहे. कॅलिब्रेशन कारखान्यातच केलेले असल्याने वापरणाऱ्याला रोज बोट टोचून उपकरणाला ताळ्यावर आणावे लागत नाही, आणि वयस्क माणसांच्या दृष्टीने ही फार मोठी सोय आहे.

आता तो द्रव. सुमारे ७० किलो वजनाच्या प्रौढ पुरुषाच्या शरीरात साधारण ४२ लिटर पाणी असते. त्यातले २८ लिटर पेशींच्या आत आणि १४ लिटर पेशींच्या बाहेर. बाहेरच्या १४ लिटरांत रक्तातल्या प्लाझ्माचा वाटा जेमतेम ३ लिटरांचा, आणि ऊतीद्रव असतो जवळपास ११ लिटर. रक्त डोळ्यांना दिसते, जखम झाली की वाहते, म्हणून शरीरातला मुख्य द्रव तोच असे आपण धरून चालतो. पण पेशी ज्याच्यात बुडालेल्या असतात, ज्याच्यातून अन्न आणि प्राणवायू उचलतात आणि ज्याच्यात आपला टाकाऊ माल सोडतात, तो द्रव प्लाझ्माच्या तिपटीहून अधिक भरतो. तो कुठे एका जागी साठलेला नसतो, म्हणून जाणवत नाही. दोन पेशींच्या मधला त्याचा अंश अत्यंत सूक्ष्म असतो, आणि तोही बहुतांशी प्रोटिओग्लायकनच्या, म्हणजे प्रथिन आणि शर्करा यांच्या जोडरेणूच्या, तंतूंच्या जाळ्यात धरून ठेवलेला, जेलसारख्या अवस्थेत. कातडी कापली गेली तर रक्ताची धार लागते, पण हा द्रव जागचा फारसा हलत नाही, त्याचे कारण हे जाळे.

तरीही तो कधी ना कधी प्रत्येकाच्या पाहण्यात आलेला असतो. नवी चप्पल चावून टाचेवर पाण्याचा फोड येतो, त्यातले नितळ पाणी बरेचसे याच प्रकारचे. पायाला सूज आलेल्या माणसाच्या नडगीवर अंगठा दाबून उचलला की काही क्षण खळगा तसाच राहतो, तेव्हा आपण ऊतीद्रवालाच बाजूला सारलेले असते आणि तो परत भरून येण्याची वाट पाहत असतो. महाविद्यालयातल्या सूक्ष्मदर्शकाखाली मात्र विद्यार्थ्यांना तो दिसत नाही, कारण ऊतीची स्लाइड तयार करतानाच द्रव निघून जातो आणि फटी मिटून जातात. २०१८ साली 'सायंटिफिक रिपोर्ट्स' या नियतकालिकात नील थीस आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रसिद्ध केलेल्या संशोधनाचा गाभा हाच होता : जिवंत ऊती लेसर-एंडोमायक्रोस्कोपीने पाहिल्या तेव्हा स्लाइडवर घट्ट, भरीव दिसणारे थर प्रत्यक्षात द्रवाने भरलेल्या पोकळ्यांचे निघाले. त्या पोकळ्यांच्या जाळ्याला स्वतंत्र अवयव म्हणावे की नाही यावर मतभेद आहेत. पण इतकी वर्षे स्लाइडवर शिकवताना आपण द्रव काढून टाकलेली ऊती दाखवत आलो, हे जीवशास्त्राच्या प्रत्येक शिक्षकाने वर्गात सांगावे असे मला मनापासून वाटते.

हा द्रव तयार होतो केशवाहिन्यांतून. केशवाहिन्यांच्या भिंतींना सूक्ष्म छिद्रे असतात. रक्ताचा दाब पाणी बाहेर ढकलतो, आणि प्लाझ्मातली प्रथिने आकाराने मोठी असल्यामुळे आतच राहून पाणी परत ओढतात. या ओढाताणीचा हिशेब अर्नेस्ट स्टार्लिंग या ब्रिटिश शरीरक्रियाशास्त्रज्ञाने १८९६ मध्ये मांडला. बाहेर आलेल्या द्रवापैकी जे केशवाहिन्यांत परतत नाही ते लसीकावाहिन्या गोळा करतात आणि दिवसाला साधारण २ ते ३ लिटर लसीका पुन्हा रक्तात आणून सोडतात. म्हणजे लसीका हा काही निराळा पदार्थ नव्हे, वाहिनीत शिरलेला ऊतीद्रवच तो. साखरेचा रेणू लहान असल्याने तो या छिद्रांतून सहज पार होतो. त्यामुळे प्लाझ्मा आणि ऊतीद्रव यांत प्रथिनांचे प्रमाण फार वेगळे असले तरी साखरेचे प्रमाण, शरीर स्थिर असताना, जवळजवळ सारखेच असते. या उपकरणाची सगळी मदार या एका वस्तुस्थितीवर आहे.

'शरीर स्थिर असताना' हे शब्द इथे महत्त्वाचे आहेत. आमच्या कृष्णाकाठी उसाला पाटाने पाणी देणाऱ्याला हे सांगावे लागत नाही की पाट भरला म्हणजे मूळ भिजले असे नव्हे. पाण्याने आधी माती ओली करावी लागते, आणि मूळ पिते ते त्या ओलीतले. पाट बंद केल्यावरही ओल लगेच जात नाही. रक्त आणि ऊतीद्रव यांचे नाते तसेच आहे. जेवणानंतर साखर आधी रक्तात चढते आणि मग झिरपत पेशींभोवतीच्या द्रवात येते. ती वेगाने चढत किंवा उतरत असेल तेव्हा सेन्सरचा आकडा रक्ताच्या साधारण ५ ते १० मिनिटे मागे राहतो. सकाळी उठल्याउठल्या, जेवणाआधी, दुपारच्या निवांत वेळी ग्लुकोमीटर आणि सेन्सर यांचे आकडे बहुधा जवळजवळ येतात. जेवणानंतरच्या पहिल्या तासात, भरभर चालून आल्यावर किंवा इन्सुलिनचा जोर असताना ते एकमेकांपासून लांब जातात. त्या वेळी दोन आकडे जुळले नाहीत म्हणून कोणते तरी एक यंत्र बिघडले असा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरते. दोन्ही यंत्रे वेगवेगळ्या द्रवांविषयी बोलत असतात आणि दोन्ही खरे बोलत असू शकतात.

किंबहुना मधुमेही माणसाच्या घरात साखरेचे तीन प्रकारचे आकडे फिरत असतात. प्रयोगशाळेचा अहवाल शिरेतल्या रक्तापासून वेगळ्या केलेल्या प्लाझ्माचा असतो. ग्लुकोमीटर बोटाच्या केशवाहिन्यांतले पूर्ण रक्त तपासतो आणि त्याचे उत्तर प्लाझ्माच्या भाषेत बदलून दाखवतो. पूर्ण रक्ताच्या तुलनेत प्लाझ्मातली साखर सुमारे ११ टक्क्यांनी जास्त असते, तो फरक यंत्रातच मिळवलेला असतो. शिवाय जेवणानंतर बोटातल्या रक्तात साखर शिरेतल्या रक्तापेक्षा थोडी अधिकच असते, कारण शिरेपर्यंत पोहोचण्याआधी ऊतींनी आपला वाटा उचललेला असतो. तिसरा आकडा सेन्सरचा, ऊतीद्रवाचा. फाइलमध्ये आकडा लिहिताना त्याच्यापुढे 'लॅब', 'बोट' किंवा 'सेन्सर' एवढा एक शब्द लिहून ठेवावा, अशी माझी आग्रहाची सूचना आहे. डॉक्टरांना त्या एका शब्दाने पुष्कळ कळते.

उपकरणाचा खरा लाभ एकेका आकड्यात नाही, तो आलेखात आणि बाणात आहे. बाण आडवा असेल तर साखर मिनिटाला १ मिलिग्रॅम प्रति डेसिलिटरपेक्षा कमी वेगाने बदलते आहे. तिरका असेल तर १ ते २ च्या दरम्यान. सरळ वर किंवा सरळ खाली असेल तर २ पेक्षा जास्त वेगाने. ऊतीद्रव मागे राहतो हे ठाऊक असलेला माणूस हा बाण आधी पाहतो आणि आकडा नंतर. ९० हा आकडा आडव्या बाणासोबत असेल तर निर्धास्त राहावे. तोच ९० सरळ खाली गेलेल्या बाणासोबत असेल तर रक्तातली साखर त्याहून खाली गेलेली असण्याची शक्यता धरून लगेच बोटावरची तपासणी करावी. ही बाब समजली की हातात घेतलेला मोबाइल पाहण्याची सगळी पद्धतच बदलते.

आईच्या बाबतीत आलेखाने जे दाखवले ते कोणत्याही आहारतज्ज्ञाच्या व्याख्यानापेक्षा परिणामकारक ठरले. एकादशीला साबुदाण्याची खिचडी 'उपासाची' म्हणून हलकी, असा तिचा आयुष्यभराचा समज. त्या दिवशी खिचडीनंतर आलेखाची रेघ १३० च्या आसपासून निघाली आणि दीड तासात २६० च्या पुढे जाऊन बराच वेळ तिथेच थांबली. नेहमीच्या जेवणात ज्वारीची भाकरी, पालेभाजी आणि वाटीभर उसळ असते तेव्हा हीच रेघ १८० च्या आत वळते, हे तिने आदल्या आठवड्यात पाहिलेले होते. दोन्ही रेघा तिने शेजारी शेजारी पाहिल्या, चष्मा पुसून पुन्हा पाहिल्या आणि पुढच्या एकादशीला खिचडी निम्मी करून सोबत दही आणि भाजलेले शेंगदाणे घेतले. तिला कोणी काही सांगितले नव्हते. तीन महिन्यांची सरासरी सांगणारी एचबीएवनसी ही तपासणी आवश्यकच आहे, पण सरासरीत खिचडीचा डोंगर आणि पहाटेची दरी एकमेकांना झाकून टाकतात. आलेख दोन्ही उघडे पाडतो. म्हणूनच २०१९ च्या आंतरराष्ट्रीय सहमतीने 'टाइम इन रेंज' हे माप पुढे आणले : बहुतेक प्रौढ मधुमेहींची साखर ७० ते १८० या पट्ट्यात दिवसाच्या ७० टक्क्यांहून अधिक वेळ असावी, आणि ७० च्या खाली ४ टक्क्यांपेक्षा कमी वेळ. वयोवृद्ध आणि नाजूक प्रकृतीच्या लोकांसाठी मात्र पट्ट्यातल्या वेळेची अपेक्षा ५० टक्क्यांपर्यंत शिथिल केलेली आहे, आणि ७० च्या खाली जाण्याची मुभा १ टक्क्यापेक्षाही कमी ठेवलेली आहे, कारण उतारवयात साखर चढण्यापेक्षा उतरणे अधिक घातक. वयस्क आईवडिलांसाठी सेन्सर घेणाऱ्यांनी तरुणांचा निकष त्यांना लावू नये.

रात्रीच्या आकड्यांविषयी सविस्तर लिहिणे भाग आहे, कारण या उपकरणाने लोक घाबरतात ते बहुधा रात्री. एका रात्री तीनच्या सुमारास आई उठली, सवयीने स्कॅन केले आणि आकडा आला ५८. तिला घाम नव्हता, थरथर नव्हती, बोलणे व्यवस्थित होते. वहिनीने साखर घातलेले पाणी करून दिले, आणि त्या क्षणी ते योग्यच होते. सकाळी साखर २४० च्या वर होती. आलेख नीट पाहिला तेव्हा दिसले, की रेघ मध्यरात्रीनंतर एकाएकी कड्यासारखी खाली घसरली होती आणि आई उठून बसल्यावर तितक्याच सरळ वर आली होती; साखर-पाण्याचा चढ त्यानंतरचा, वेगळा होता. खरी उतरलेली साखर अशी काही मिनिटांत, काही न खाता, पूर्ववत होत नाही. आई डाव्या कुशीवर झोपते आणि सेन्सर डाव्या दंडावर होता. अंगाच्या भाराने दंडाची ऊती दाबली जाते, तिथला रक्तपुरवठा आणि ऊतीद्रवाची ये-जा मंदावते, जवळच्या पेशी मात्र साखर वापरत राहतात. त्यामुळे तंतूभोवतीच्या त्या इवल्याशा द्रवात साखर खरोखरच कमी होते. बाकी शरीरात ती तशीच असते. त्वचेखाली बसणाऱ्या सर्वच साखर-सेन्सरांत हा प्रकार आढळतो, आणि वैद्यकीय लेखनात त्याला 'कम्प्रेशन लो' असे म्हणतात. म्हणजे सेन्सरने खोटे सांगितले नव्हते. आपल्या भोवतीच्या थेंबाविषयी त्याने खरेच सांगितले होते. त्यानंतर सेन्सर उजव्या दंडावर बसवायचा आणि ग्लुकोमीटर उशाशी ठेवायचा, अशी व्यवस्था आम्ही केली.

याचा अर्थ रात्रीचा कमी आकडा दुर्लक्षावा असा मुळीच नाही, आणि हे मी अगदी स्पष्ट लिहिते. मूळच्या लिब्रेसोबत येणाऱ्या सूचनांत तीन प्रसंगी बोटावरच्या रक्ताची तपासणी करण्यास सांगितले आहे : साखर वेगाने बदलत असताना, सेन्सर साखर उतरल्याचे किंवा उतरण्याच्या बेतात असल्याचे दाखवत असताना, आणि अंगातली लक्षणे व आकडा यांचा मेळ बसत नसताना. घाम, थरथर, धडधड किंवा बोलण्यात गोंधळ असेल तर तपासणीसाठीही न थांबता आधी साखर द्यावी. सेन्सर घेतला म्हणजे ग्लुकोमीटर कपाटात टाकायचा, ही समजूत धोक्याची आहे.

अचूकतेचा विचारही याच चौकटीत करावा लागतो. बोटावरच्या रक्ताशी तुलना करून पहिल्या लिब्रेची सरासरी तफावत ११.४ टक्के असल्याचे २०१५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत नोंदवले गेले. पुढच्या आवृत्तीत ती आणखी कमी झाली. म्हणजे रक्तात २०० असताना सेन्सरने १८० किंवा २२० दाखवले तर त्यात आश्चर्य नाही. ग्लुकोमीटरसुद्धा काटेकोर असतात असे नाही : त्यांच्यासाठी असलेल्या आयएसओ १५१९७ या मानकाच्या २०१३ च्या आवृत्तीनुसार १०० किंवा त्याहून जास्त साखरेला १५ टक्क्यांपर्यंतचा फरक चालतो, आणि तोही ९५ टक्के वाचनांसाठी. घरगुती तपासणीत दोन-चार आकड्यांच्या फरकावरून वाद घालण्यात अर्थ नाही. बसवल्यानंतरच्या पहिल्या दिवशीचे आकडे मी जरा हात राखूनच घेते, कारण तंतू शिरताना ऊतीला इजा झालेली असते आणि ती शमेपर्यंत तिथला द्रव नेहमीसारखा नसतो.

तंतूच्या टोकाशी घडते काय, हे जाणून घेणाऱ्यांसाठी थोडे. सेन्सर द्रव बाहेर ओढून काढत नाही. तंतूवर ग्लुकोज ऑक्सिडेज हे विकर (एन्झाइम) बसवलेले असते, ते साखरेच्या रेणूकडून इलेक्ट्रॉन काढून घेते आणि त्यांचा अतिसूक्ष्म प्रवाह चकतीत मोजला जातो. विकराच्या साहाय्याने साखर विजेच्या रूपात मोजण्याची कल्पना लेलँड क्लार्क आणि चॅम्प लायन्स यांनी १९६२ मध्ये मांडली. लिब्रेमागचे तंत्र मात्र अ‍ॅडम हेलर यांचे : ऑस्मियम हा धातू असलेल्या बहुवारिकाने (पॉलिमरने) विकराला थेट विद्युत्-अग्राशी (इलेक्ट्रोडशी) जोडल्यामुळे प्राणवायूच्या कमी-जास्त प्रमाणाचा अडसर दूर झाला, आणि ऊतीद्रवात प्राणवायू मुळातच कमी असल्याने ही गोष्ट निर्णायक ठरली. याच हेलर यांच्या थेरासेन्स कंपनीने २००० साली आणलेल्या फ्रीस्टाइल ग्लुकोमीटरला रक्ताचा केवळ ०.३ मायक्रोलिटर थेंब पुरत असे. २००४ मध्ये अ‍ॅबटने ती कंपनी विकत घेतली. एका लिटरचे दहा लाख भाग करून त्यातल्या एका भागाच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी रक्तात विश्वासार्ह मोजणी होणे, ही माझ्या मते गेल्या पन्नास वर्षांतल्या वैद्यकीय अभियांत्रिकीतली मोठी कामगिरी आहे, आणि तिचे श्रेय सामान्य वाचकांपर्यंत फारसे पोहोचलेले नाही.

शरीरातले इतर द्रव या कामाला का चालत नाहीत, असा प्रश्न विद्यार्थी नेहमी विचारतात. प्रयत्न झाले आहेत. अमेरिकेत २००१ मध्ये मान्यता मिळालेले ग्लुकोवॉच हे मनगटी यंत्र सौम्य विद्युतप्रवाहाने ऊतीद्रव त्वचेवर ओढून घेत असे. त्याने त्वचेची आग होई आणि ते बाजारात टिकले नाही. गूगलने २०१४ मध्ये जाहीर केलेली, अश्रूंतली साखर मोजणारी कॉन्टॅक्ट लेन्स २०१८ मध्ये थांबवण्यात आली, कारण अश्रूंतल्या आणि रक्तातल्या साखरेचा पुरेसा विश्वासार्ह संबंध लावता आला नाही. घामाचीही तीच अडचण. रक्ताशी इतके जवळचे आणि सतत देवाणघेवाण असलेले नाते ऊतीद्रवाचेच आहे. इथे एक इशारा देणे मी कर्तव्य समजते : त्वचेत काहीही न शिरवता साखर मोजण्याचा दावा करणारी स्मार्टवॉच आणि अंगठ्या ऑनलाइन सर्रास विकल्या जातात. औषधे आणि वैद्यकीय उपकरणांना मान्यता देणाऱ्या अमेरिकेच्या एफडीए या संस्थेने फेब्रुवारी २०२४ मध्ये जाहीरपणे बजावले होते, की अशा एकाही घड्याळाला किंवा अंगठीला तिने मान्यता दिलेली नाही. त्यांच्या आकड्यावर इन्सुलिनची मात्रा ठरवणे जिवावर बेतू शकते.

वापरातल्या काही बाबी. क जीवनसत्त्वाच्या गोळ्या मोठ्या प्रमाणात घेतल्यास सेन्सरचा आकडा खोटा चढू शकतो. सर्दी-खोकल्याच्या दिवसांत घरोघरी या गोळ्या चघळल्या जातात, म्हणून लक्षात ठेवावे. अंगातले पाणी फार कमी झाले असेल, जसे जुलाब-उलट्यांत होते, तर ऊतीद्रवच आटलेला असतो आणि आकड्यावर विसंबू नये. एमआरआय, सीटी स्कॅन किंवा एक्स-रेच्या आधी सेन्सर काढावा लागतो. म्हणून अशी तपासणी ठरलेली असेल तर नवा सेन्सर तिच्यानंतरच बसवणे शहाणपणाचे. आंघोळीला अडचण नाही, १ मीटर खोल पाण्यात ३० मिनिटे तो टिकतो. आमच्याकडच्या एप्रिल-मेच्या घामात कडा सुटू नयेत म्हणून वरून वैद्यकीय चिकटपट्टी लावणे बरे. काढताना कडेने खोबरेल तेल लावून पाच मिनिटे थांबले की वयस्क, पातळ त्वचेला ओरखडा न येता चकती निघते.

किमतीचा मुद्दा टाळता येणार नाही. एका सेन्सरला चार-पाच हजार रुपये पडतात, आणि तो दोन आठवड्यांनी संपतो. सतत वापरायचे म्हटले तर महिन्याचा खर्च पुष्कळ निवृत्तिवेतनधारकांच्या आवाक्याबाहेर जातो. भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेच्या (आयसीएमआर) २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या इंडियाब अभ्यासानुसार देशात सुमारे १० कोटी १० लाख मधुमेही आहेत. त्यांतल्या बहुतेकांना हे उपकरण बारमाही परवडणारे नाही, आणि सर्वांना त्याची गरजही नाही. पहिल्या प्रकारचा मधुमेह असलेली मुले, दिवसातून अनेकदा इन्सुलिन घेणारे, आणि साखर उतरल्याची ज्यांना जाणीवच होत नाही असे रुग्ण यांच्यासाठी मी ते निःशंकपणे सुचवेन. त्यातही गजराची सोय असलेली आवृत्ती. मधुमेह नसलेल्या माणसांनी केवळ हौस म्हणून सेन्सर लावण्याला माझा विरोध आहे. निरोगी माणसाच्या ऊतीद्रवातही जेवणानंतर साखर चढते आणि उतरते, आणि तो स्वाभाविक चढ पाहून भात-पोळी सोडून देणारी माणसे मी पाहिली आहेत.

गोळ्यांवर किंवा दिवसातून एकदाच्या इन्सुलिनवर असलेल्या आईसारख्या रुग्णांसाठी मधला मार्ग सोयीचा आहे, आणि आमच्या डॉक्टरांनीही तोच सांगितला : तपासणीच्या भेटीआधीचे दोन आठवडे एक सेन्सर लावायचा, त्या काळात नेहमीचेच खायचे-प्यायचे, चालायचे, जेवणाची वेळ आणि पदार्थ अ‍ॅपमध्ये नोंदवत राहायचे, आणि आलेखांची छापील प्रत डॉक्टरांपुढे ठेवायची. मधल्या महिन्यांत ग्लुकोमीटर आणि पट्ट्या पुरतात. आईच्या मागच्या भेटीत डॉक्टरांनी एचबीएवनसीच्या अहवालाआधी ही प्रत हातात घेतली, पहाटेच्या रेघेवर पेनाने खूण केली आणि रात्रीच्या इन्सुलिनची मात्रा दोन युनिटांनी कमी केली.